मधल्या सिलिंडरची भानगड

"ऐकलंत का ताई? व्हॅनची गॅस्केट पुन्हा उडाली."

वईपलीकडून वहिनींनी बातमी टाकली आणि हातातलं सूप खाली ठेवलं. वहिनींनी सूप खाली ठेवलं की समजायचं, आता चहा गार होणार.

"पुन्हा? चैत्रात तर बदलली ना?"

"बदलली तर! नवी कोरी घातली, पैसे मोजून घेतले. आणि काल वरातीत भर रस्त्यात बसली गाडी. नवरीची पेटी मोटारसायकलवरून न्यावी लागली. तिच्या मामाने काय काय ऐकवलं आमच्या पोराला, ते इथे सांगण्यासारखं नाही."

तरी त्यांनी सांगितलंच. मी लिहीत नाही.

व्हॅन म्हणजे मारुती ओमनी. कंपनीने तिचं उत्पादन 2019 साली थांबवलं, पण आमच्या झरीकडे हे कोणी तिला कळवलेलं दिसत नाही. ती अजून शाळेची पोरं कोंबते, बाळंतिणी आणते, लग्नं लावते. वहिनींच्या मुलाने ती वापीहून जुनी घेतली तेव्हा पाड्यातल्या निम्म्या लोकांनी नंबर प्लेट बघून नाकं मुरडली, की गुजरातची गाडी आहे, आतून काय असेल कोण जाणे. आता उंबरगाव तालुक्याचे तुकडे झाले ते 1960 साली. त्याआधी आपण सगळे एकाच तालुक्यातले. सोयरीक तर अजूनही निम्मी पलीकडेच. पण गाडीच्या बाबतीत माणसाला एकदम सीमा आठवते.

पहिल्यांदा गाडी तापली ती महालक्ष्मीच्या जत्रेत. चैत्री पौर्णिमेपासून पंधरा दिवस चारोटीच्या बाजूला हायवेची काय दशा होते ते डहाणूकराला सांगायला नको. व्हॅनमध्ये त्या दिवशी माणसं किती होती याबद्दल तीन मतं आहेत. वहिनी म्हणतात आठ, पोरगा म्हणतो नऊ, आणि मागच्या सीटवर बसलेली मावशी मांडीवरची धरून तेरा मोजते. ऊन मी म्हणत होतं. गाडी दोन पावलं जायची, थांबायची. काटा चढत चढत लाल रेषेला टेकला आणि पुढून वाफ निघाली. मग जत्रेत काय, तोटा नाही शहाण्यांचा. एकाने टॉवेल गुंडाळून रेडिएटरचं झाकण फिरवलं.

"त्याच्या मनगटाला अजून डाग आहे बघा," वहिनी म्हणाल्या.

दुसऱ्याने त्या तापलेल्या इंजिनात बिसलेरीचं गारेगार पाणी ओतलं. तिसरा त्याहून पुढचा. तो हळदीकुंकवाच्या दुकानातून हळदीची पुडी घेऊन आला आणि अख्खी रेडिएटरमध्ये सोडली. ट्रकवाले करतात म्हणे. जाळीला बारीक गळती असेल तर हळद फुगून तिथे बसते आणि तेवढ्यापुरतं गळायचं थांबतं.

"हळद लग्नात लावायची असते," आमच्या मागून आवाज आला, "रेडिएटरला नव्हे."

हे नाना. त्यांचं अंगण आमच्या दोघींच्या वईला काटकोनात लागून आहे, त्यामुळे आमची एकही गोष्ट त्यांच्यापासून सुटत नाही. एस.टी.च्या वर्कशॉपमध्ये जन्म गेला. निवृत्त झाले तरी कोणाची गाडी रस्त्याने गेली की आधी आवाज ऐकतात आणि मग कोण होतं ते बघतात.

"गळत होती का गाडी?" नानांनी विचारलं.

"नाही. तापली होती."

"मग हळद कोणाला लावली? रेडिएटरच्या नळ्या बारीक असतात, वहिनी. भोक बुजवायला टाकलेली वस्तू आधी चांगल्या नळ्या बुजवते. आणि तापल्या गाडीचं झाकण उघडायचं म्हणजे शिट्टी न काढता कुकर उघडण्यातला प्रकार. त्या झाकणात स्प्रिंग असते. आत दाब राहतो, म्हणून पाणी शंभरला उकळत नाही, एकशे पंधरा-वीसपर्यंत दम धरतं. झाकण काढलंत की दाब गेला, आणि सगळं पाणी त्याच क्षणी उकळून तोंडावर. अर्धा तास सावलीत बसायचं, इंजिन बंद. बाकी काही करायचं नाही."

"जत्रेत सावली कुठली?" वहिनी म्हणाल्या, आणि तेही खरंच.

आता नानांच्या आधीच्या तज्ज्ञाबद्दल. हायवेकडे एक मिस्त्री आहे. नाव घेत नाही, कारण त्याची बायको आमच्या भिशीत आहे. त्याने व्हॅन बघितली, ऑइलचं झाकण काढून आतला दुधाळ फेस बोटाने दाखवला आणि निदान केलं, 'हेड गॅस्केट उडाली'. ते चूक नव्हतं. इंजिनाचे दोन भाग, खाली ब्लॉक आणि वर हेड. दोघांमध्ये जो पातळ पत्रा दाबून बसवतात ती ही गॅस्केट. तिच्या एका भोकात आग, शेजारच्या भोकात पाणी, पलीकडच्या भोकात ऑइल. तिघांनी एकमेकांच्या घरात जायचं नाही, एवढंच बघायचं तिचं काम. मिस्त्रीने सकाळी इंजिन उतरवलं आणि संध्याकाळी गाडी चालू करून दिली. वहिनींनी तेव्हा याच वईवरून मला त्याची तारीफ ऐकवली होती, की बघा, एका दिवसात!

"एका दिवसात," नाना म्हणाले. "म्हणजे हेड फेस मारायला गेलंच नाही."

"तोंड धुवायला?"

"फेसिंग हो. लेथवाल्याकडे घासून सपाट करायला. हेड ॲल्युमिनियमचं, ब्लॉक बिडाचा. तापल्यावर ॲल्युमिनियम बिडाच्या जवळजवळ दुप्पट फुगतं. वरून बोल्टांनी आवळलेलं, जायला जागा नाही, म्हणून ते वाकतं. डोळ्यांना दिसत नाही. स्टीलची सरळ पट्टी आडवी ठेवायची आणि खालून फिलर गेजची पाती सरकवून बघायची. पाच शतांश मिलिमीटरची पाती आत गेली तर हेड वाकडं. केसाहून बारीक असतं ते. तेवढ्या फटीतून आगीचा दाब बाहेर पडतो. वाकड्या हेडखाली सोन्याची गॅस्केट घातलीत तरी उडणार."

वहिनींच्या चेहऱ्यावरून मिस्त्रीच्या बायकोचा भिशीतला नंबर पुढे ढकलला गेल्याचं मला दिसलं. पण त्यांचं स्वतःचं निदान निराळं होतं. त्यांनी आवाज खाली आणला.

"मी सांगू ताई? नजर लागली. बघा ना, वापीला रोज जाते गाडी, हायवेने भन्नाट जाते, कधी काटा हलला नाही. तापली कुठे? जत्रेत आणि वरातीत. जिथे चार माणसं बघतात तिथेच तापते. लिंबू-मिरची बांधली होती ती पण कोणी तरी काढून नेली."

मी हसणार होते. पण नाना वईपाशी आले होते आणि त्यांच्या तोंडावर हसू नव्हतं.

"काय म्हणालात? हायवेला तापत नाही?"

"नाही म्हणते ना. गॅस्केट बदलून आल्यावर महिनाभर वापीला गेली, काही नाही. वरातीच्या मागे डीजेच्या चालीने चालली आणि तापली."

"वहिनी, तुम्ही मिस्त्रीपेक्षा बरं बघितलंत," नाना म्हणाले. "पंखा बघायला हवा."

मला हे फार आवडलं, म्हणून मुद्दाम सांगते. गाडी जोरात धावते तेव्हा समोरून वारा येतो आणि रेडिएटर आपोआप थंड होतो. पंखा नसला तरी चालून जातं. गाडी रेंगाळली की वारा बंद, तिथे पंखाच हवा. गर्दी आणि नजर यांचं गणित वहिनींनी अचूक मांडलं होतं, फक्त उत्तर दुसरं निघालं. मिस्त्रीने मात्र गाडी तापली कधी, कुठे, किती वेगात, यातलं काहीच विचारलं नव्हतं. फेस दिसला, गॅस्केट बदलली.

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी पूर्ण गार असताना नानांनी वहिनींच्या अंगणात दरबार भरवला. मी चहाचं निमित्त काढून गेलेच. आणखी सात-आठ जण काहीच निमित्त न काढता आले.

आधी त्यांनी ऑइलची काडी ओढून बघितली. नुसत्या झाकणाखालच्या फेसावर जाऊ नका, म्हणाले. गाडी जवळच्या जवळ फिरत असेल तर पावसाळ्यात थोडा ओलावा तिथे साचतोच. काडीवरचं ऑइल दुधाळ असेल तर मात्र समजायचं की पाणी खाली उतरलं. काडी दुधाळ निघाली. मग गार रेडिएटरचं झाकण काढून काठोकाठ पाणी भरलं आणि इंजिन थोडा वेळ चालू केलं. पाण्यातून बुडबुडे यायला लागले, एक गेला की दुसरा, थांबायचं नाव नाही. मागे सायलेन्सरमधून पांढरा धूर. एका मुलाने सांगितलं की थंडीत सगळ्याच गाड्यांतून असा येतो. नाना म्हणाले, येतो, आणि दोन मिनिटांत थांबतो, आणि आत्ता मे महिना आहे.

यानंतर जे केलं ते बघण्यासारखं होतं. सीट उचलली. ओमनीचं इंजिन पुढच्या सीटखाली असतं, त्यामुळे ड्रायव्हर नेहमी निखाऱ्यावर बसलेला. तीन सिलिंडर, तीन प्लग. तिन्ही काढून नानांनी ते क्रमाने स्टीलच्या ताटलीत मांडले. कडेच्या दोघांच्या टोकाला तपकिरी थर, कुठे काजळी. मधला लख्ख. पोरगा खूश झाला, त्याला वाटलं हाच चांगला.

"हाच चोर," नाना म्हणाले. "याच्या खोलीत पाणी शिरतं. पाण्याची वाफ होते आणि ती रोज याला धुते."

मग प्लगच्या जागी दाब मोजायचं मीटर लावून सेल्फ मारला. कडेच्या दोघांचे आकडे जवळजवळ सारखे आणि मधल्याचा पुष्कळच खाली. आकड्यापेक्षा तिघांमधला फरक बघायचा, हे नानांनी जमलेल्या मंडळींना दोनदा सांगितलं, कारण मंडळी आकडा लिहून घेत होती.

आता पंखा. पंख्याला चालू-बंद करणारा एक स्विच रेडिएटरच्या पाण्यात बुडलेला असतो. पाणी नव्वदीच्या पुढे गेलं की तो जोडतो आणि पंखा फिरतो. नानांनी स्विचच्या वायरी थेट एकमेकींना टेकवल्या, पंखा घरघरत सुरू. म्हणजे पंखा ठीक, वायर ठीक. स्विच काढला. "एक जुना डबा द्या आणि पाणी उकळायला ठेवा," म्हणाले. पोराने आत जाऊन वहिनींचा भाताचा टोप आणला.

चुलीवर पाणी खळखळायला लागलं. स्विचला तारा जोडून बल्ब लावला आणि स्विचचं टोक पाण्यात धरलं. सगळे बल्बकडे बघत बसलेले. पाणी उकळतंय, बल्ब ढिम्म. स्विच मेलेला होता, आणि जत्रेच्या आधीपासून मेलेला असणार. त्याच टोपात मग थर्मोस्टॅट सोडला. ती एक पितळी झडप असते. गार असताना बंद, पाणी तापत गेलं की आपली आपण उघडते. ती मात्र शहाण्यासारखी उघडली.

तेवढ्यात वहिनी विहिरीवरून आल्या आणि त्यांनी टोप बघितला.

पुढचा काही वेळ मोटारशास्त्राला उपयोगाचा नाही. नानांनीच तोडगा काढला. त्या वस्तूंना कूलंट लागलेलं, ते विषारी, तेव्हा हा टोप आता चुलीवर नको, गाडीतच राहू दे. वहिनी म्हणाल्या, मग कोंबड्यांना पाणी ठेवायला घेते. नाना ओरडलेच, "कोंबड्यांना तर मुळीच नको!" कूलंटमध्ये ग्लायकॉल असतं, चवीला गोड. कुत्रं चाटतं, शेळी तोंड लावते, आणि मूत्रपिंडं जाऊन मरतात. अंगणात सांडलेल्या हिरव्या डागावर त्यांनी पोराला माती टाकायला लावली आणि ती माती उचलून लांब खड्ड्यात पुरायला लावली.

या वेळी इंजिन दुसऱ्या मिस्त्रीने उतरवलं आणि नाना खुर्ची टाकून समोर बसले. मिस्त्री तरुण, आधी वैतागला, मग ऐकायला लागला. टायमिंगच्या खुणा आधी खडूने मारून घे. हेडचे बोल्ट एकदम सोडू नको, कडेच्यांपासून मधल्यांकडे, थोडे थोडे ढिले कर. स्क्रू ड्रायव्हर घालून उचकटू नको. हेड सुटलं आणि जुनी गॅस्केट हातात आली. तिच्यावर सगळं लिहिलेलं होतं. मधल्या भोकाच्या कडेपासून पाण्याच्या भोकापर्यंत काळी जळकी रेघ. आणि वरून लाल पेस्टचा जाड लेप, पहिल्या मिस्त्रीची कृपा. गॅस्केटला पेस्ट लागत नाही, ती कोरडी बसवायची, हे तरुण मिस्त्रीलाही माहीत होतं. तो आनंदाने म्हणाला, "त्याला येतच नाही काम." एका मिस्त्रीला दुसऱ्याबद्दल बोलताना जे सुख होतं, ते आम्हा बायकांना उगीच नावं ठेवणाऱ्यांनी एकदा बघावं.

मिस्त्रीने ब्लॉक साफ करायला ग्राइंडर उचलला तेव्हा नाना खुर्चीतून उठले. चकतीची पूड ऑइलच्या वाटेने आत गेली तर बेअरिंग खाऊन टाकते. सिलिंडरमध्ये फडकी कोंब, लाकडाच्या पट्टीने खरवड, वेळ लागला तर लागू दे. बोल्टच्या भोकांतलं पाणी-ऑइल पुसून काढ. खाली थेंब राहिला आणि वरून बोल्ट आवळलास, तर त्या थेंबाला जायला जागा नाही, ब्लॉकला तडा जातो. नानांनी एक जुनी आठवणही सांगितली, पूर्वीच्या गॅस्केटांत ॲस्बेस्टस असायचा, तो ते हवेने उडवून साफ करायचे. फुप्फुसांना काय होतं ते तेव्हा कोणी सांगितलं नव्हतं. एवढं बोलून ते तंबाखू मळायला लागले, त्यावर वहिनींनी माझ्याकडे बघितलं.

हेड वापीला गेलं. आधी त्याला दाब देऊन पाण्यात बुडवलं, कुठे तडा आहे का बघायला. नव्हता. मग फेस मारून परत आलं. फेस मारायलाही हिशेब आहे. दर वेळी धातू कमी होतो, म्हणून गरजेपुरतंच घासायचं. गॅस्केट स्वतः काही शे रुपयांची वस्तू. खर्च सगळा उतरवण्या-चढवण्याचा, आणि तो वहिनींना दुसऱ्यांदा आला.

बोल्ट आवळताना क्रम उलटा, मधल्यांपासून कडेकडे, तीन-चार फेऱ्यांत, टॉर्कच्या पान्याने. या पान्यावर किती जोर लागला ते कळतं. तरुण मिस्त्रीकडे तो नव्हता, "हाताला अंदाज आहे," म्हणाला. नानांनी सायकलवर पोराला पाठवून कुठून तरी मागवून घेतला. मधल्या वेळात काम बंद, सगळे आंब्याखाली. तेव्हा वहिनींच्या सासूबाईंनी, ज्या एरवी बोलत नाहीत, टोला हाणला. 23 मे 1945 ला झरीत वारल्यांची मोठी सभा भरली होती, गोदावरी परुळेकरांची. हजारो माणसं आली ती कुठून कुठून चालत, याच उन्हातून. "आणि आता वरातीला चार पावलं जायला डबा लागतो," म्हणाल्या, "तो पण ढकलत न्यायचा." त्यावर कोणाला काही सुचलं नाही.

नवं ऑइल, नवा फिल्टर, नवा स्विच, रेडिएटर धुऊन हळद बाहेर. निघाली, वाटीभर. विहिरीचं पाणी भरायचं नाही असं नानांनी बजावलं, क्षाराने आतून गंज चढतो. कूलंट आणि बॅटरीचं पाणी निम्मं निम्मं घातलं. ओमनीत रेडिएटर तोंडाशी आणि इंजिन सीटखाली, मधले पाइप लांबलचक, त्यात हवा अडकून राहते. ती काढायला तास गेला. मग गाडी जागेवरच चालू ठेवली. काटा मध्यावर आला, थोडा वर गेला आणि पंखा आपणहून फिरला. जमलेल्या लोकांनी टाळ्या वाजवल्या, खोटं नाही सांगत.

जुनी गॅस्केट पिशवीत घालून पोरगा पहिल्या मिस्त्रीकडे भांडायला गेला. त्याने ती उलटसुलट करून बघितली आणि म्हणाला, तुझा पंखा बंद होता त्याला मी काय करू? यात तथ्य आहे, म्हणून तर राग येतो. पण फेस का नाही मारलं, याला उत्तर नव्हतं. शेवटी निम्मी मजुरी परत द्यायचं कबूल केलं, भिशीतून वळती करून. ती भिशी कधी लागते ते बघू.

"आता निवांत झालात," मी काल वहिनींना म्हटलं.

"कसल्या निवांत? पोरगा विकतोय व्हॅन. बोलेरो घ्यायची म्हणतो. उधव्याचं गिऱ्हाईक पण आलं, माझ्या मामेबहिणीचा जावई. सरळ नानांकडे गेला विचारायला, गाडी कशी आहे म्हणून."

"मग नाना काय म्हणाले?"

"म्हणाले, इंजिनाचे पैसे दे, टायरांचे देऊ नको. मेल्या म्हाताऱ्याने चार हजार पाडले माझे!"